मंगोलियातली मेंढी नेमकी कुणाची लेक?

मंगोल भाषेत ‘अर्गाल’ म्हणजे गुरांचं वाळलेलं शेण. तिकडे गोवरी थापायची भानगड नाही. हवाच इतकी कोरडी की कुरणात पडलेलं शेण जागच्या जागी वाळून हलकं होतं. पाठीला टोपली लावायची, लांब दांड्याच्या पंजाने शेण उचलायचं आणि मागे न बघता खांद्यावरून टोपलीत भिरकावायचं. सरावलेल्या बाईचा नेम चुकत नाही. आता याच शब्दाचा शेवट करताना जीभ जराशी टाळूकडे नेली की होतं ‘अर्गालि’, म्हणजे डोंगरावरची रानमेंढी. परक्याच्या कानाला चुलीतली अर्गाल आणि कड्यावरची अर्गाली जवळजवळ एकच वाटतात.

शब्दांतली ही गफलत क्षणभराची. मेंढ्यांबाबत मात्र एक मोठी गफलत पुष्कळांच्या डोक्यात पक्की बसलेली असते. डोंगरावर रानमेंढी आहे, पायथ्याशी तंबूच्या दारात पाळीव मेंढी आहे, तेव्हा कधीकाळी कुणीतरी अर्गालीची कोकरं धरून आणली, माणसाळवली आणि त्यांचीच आजची मेंढरं झाली, असं साहजिकच वाटतं. ते खरं नाही. मंगोलियातली पाळीव मेंढी अर्गालीची लेक नाही. लांबच्या चुलतघराण्यातली आहे आणि आली आहे थेट पश्चिम आशियातून.

हे कशावरून ठरलं? गुणसूत्रांच्या साध्या मोजणीवरून. आपण शेळीपासून सुरुवात करू. शेळीत ६० गुणसूत्रं असतात आणि ती सगळी सुटी असतात. सुट्या पोथ्या समजा. मेंढ्यांच्या वंशात पुढे असं झालं की काही पोथ्या दोन-दोन करून एकाच बांधणीत शिवल्या गेल्या. मजकूर तोच राहिला, पानंही जवळपास तीच, फक्त पोथ्यांची संख्या घटली. गुणसूत्रं जोडीने असतात, म्हणून अशी एक शिवण पडली की आकडा दोनाने उतरतो. उरियल नावाची रानमेंढी (लडाखमध्ये तिला शापू म्हणतात) एका शिवणीवर थांबली, तिची ५८. अर्गालीत दोन शिवणी, म्हणून ५६. तुर्कस्तान-इराणच्या डोंगरांतल्या मुफ्लॉन मेंढीत तीन शिवणी, म्हणून ५४. आणि जगातली कुठलीही पाळीव मेंढी घ्या, मंगोलियाची घ्या नाहीतर आपली दख्खनी घ्या, तिचीही ५४. नुसत्या आकड्यावर कुणी निकाल देत नाही, पण पुढे डीएनएच्या तपासणीतही बोट त्याच मुफ्लॉनकडे गेलं.

म्हणजे मेंढी पाळली गेली ती साधारण दहा-अकरा हजार वर्षांपूर्वी, आग्नेय तुर्कस्तान ते पश्चिम इराण या पट्ट्यात. तिथून माणसांच्या मागे चरत चरत ती पूर्वेला सरकली. मंगोलियात ती इसवीसनापूर्वी ३००० च्या सुमारास पोचलेली होती. याचा पुरावा मोठा गमतीचा आहे. खांगाई डोंगराळ भागातल्या जुन्या थडग्यांत जे सांगाडे सापडले, त्यांच्या दातांवर किटण शिल्लक होतं. आपण दंतवैद्याकडे जाऊन खरवडून काढतो तेच किटण. त्यात दुधातली प्रथिनं अडकून राहिली होती. पाच हजार वर्षांपूर्वी कुणीतरी दूध प्यायलं, दात घासले नाहीत, आणि त्यामुळे आपल्याला कळलं की दुभती जनावरं तेव्हाच तिथे आली होती.

एक शंका इथे येईलच. दोघींच्या पोथ्यांची संख्या वेगळी, मग त्यांचा संकर होतच नाही का? होतो. पिल्लाला ५५ गुणसूत्रं मिळतात आणि ते वांझही नसतं, कारण दोन सुट्या पोथ्या एका शिवलेल्या पोथीशेजारी नीट लागून बसतात. सोव्हिएत काळात कझाकस्तानातल्या संशोधकांनी अर्गालीच्या नरांचा आणि मेरिनो मेंढ्यांचा असा संकर घडवून ‘अरखारोमेरिनो’ नावाची जातच तयार केली. डोंगर चढणारी, तरी बारीक लोकरीची. पण एवढा खटाटोप प्रयोग म्हणून करणं वेगळं आणि कळपाचा उगमच तिथला असणं वेगळं.

आता ही अर्गाली दिसते कशी? जगातल्या सगळ्या रानमेंढ्यांत देहाने ती सर्वांत थोर. अल्ताई पर्वतातला पुरा वाढलेला नर दीडशे किलोच्या पुढे जातो. शिंगं मागे वळून, खाली उतरून, पुन्हा पुढे बाहेरच्या बाजूला वळतात. वळणावरून फीत लावून मोजलं तर एकेक शिंग दीड मीटरच्याही वर भरतं. एवढं ओझं घेऊन जनावर पळतं, आणि चांगलंच पळतं. लोकांना वाटतं ती कड्याकपारीत राहत असेल. कडे हे रानबोकडाचं, म्हणजे आयबेक्सचं घर. अर्गालीचे पाय लांब असतात. तिला गोलसर उघडे डोंगर आवडतात, जिथून लांबवरचं दिसतं आणि लांडगा दिसताच धूम ठोकता येते. मंगोल लोक नराला ‘उगाल्झ’ म्हणतात आणि मादीला ‘अर्गाली’. आपण सगळ्या जातीलाच मादीचं नाव देऊन मोकळे झालो आहोत. आपल्याकडेही ती आहे बरं का. लडाखच्या पूर्व भागात आणि सिक्कीमच्या उत्तरेला तिचे तिबेटी भाऊबंद अजून चरतात. लडाखात त्यांना न्यान म्हणतात.

पाळीव मेंढीला मंगोल शब्द ‘खोनी’. अर्गालीपुढे ती म्हणजे पैलवानापुढे पोर. पण ‘खोनी’कडे एक हुकमी एक्का आहे, तिची शेपटी. बकरी ईदच्या सुमारास आपल्याकडे दुंबा मेंढ्याचं कौतुक होतं, तसाच हा प्रकार, फक्त आटोपशीर. शेपटी आखूड, रुंद आणि चरबीने भरलेली. उंटाला मदार तशी मेंढीला ही शेपटी. उन्हाळ्यात आणि शरदात चरून चरून ती भरते आणि पुढचे सहा-सात महिने उतरते. थंडी उणे चाळीसपर्यंत जाते, चाऱ्याला वाळलेलं गवत, तेही बर्फाखाली. म्हणून मंगोल पशुपालकाचं सगळं लक्ष एकाच गोष्टीकडे: जनावर हिवाळ्यात शिरताना गुबगुबीत आहे की नाही. दोन कुटुंबांची गाठ पडली तर ख्यालीखुशाली विचारतानाही ‘जनावरं धष्टपुष्ट आहेत ना?’ हा प्रश्न असतोच. पोराबाळांची चौकशी त्याच्या जोडीने.

वर्षाचा गाडा कसा चालतो ते बघू, कारण मेंढी म्हणजे काय हे त्यातूनच कळतं.

मेंढीचा गाभणकाळ पाच महिन्यांचा. कोकरू जन्मायला हवं ते मार्च-एप्रिलमध्ये. त्याआधी जन्मलं तर गारठून मरतं, फार उशिरा जन्मलं तर पुढच्या हिवाळ्यापर्यंत पुरेसं भरत नाही. हिशेब उलटा मांडला की मेंढा लागायला हवा ऑक्टोबर-नोव्हेंबरात. पण मेंढा काही पंचांग बघत नाही. म्हणून एक तर त्याला वेगळ्या कळपात ठेवतात, नाहीतर त्याच्या पोटाखाली नमद्याचा किंवा चामड्याचा जाड पडदा बांधतात. मेंढा दिवसभर मेंढ्यांतच हिंडतो, उड्याही मारतो, पण काम होत नाही. ठरलेला दिवस उजाडला की पडदा सोडायचा. बाकीचे बहुतेक नर लहानपणीच खच्ची केलेले असतात. खच्ची नराला ‘इर्ग’ म्हणतात आणि मांसाला तोच सर्वांत चांगला.

वसंत हा तिथे कौतुकाचा ऋतू नाही, धास्तीचा आहे. धुळीची वादळं, अधूनमधून बर्फ, चरबी संपलेल्या मेंढ्या आणि त्यातच वीण. पहिलटकरीण मेंढी कोकराला जवळ घेईना, असं पुष्कळदा होतं. मग घरातली म्हातारी किंवा कुणी जाणती बाई त्या दोघांना एकत्र धरून बसते आणि ‘तोइग, तोइग, तोइग’ असा एकच शब्द घोळवत हलक्या सुरात गात राहते. हा शब्द मेंढीसाठीच. बकरीला दुसरा, उंटिणीला तिसरा. उंटिणीला मनवण्याच्या अशाच विधीचा २०१५ मध्ये युनेस्कोने वारशाच्या यादीत समावेश केला. मेंढीचं गाणं त्यामानाने घरगुती राहिलं. गाण्याने खरंच फरक पडतो का? माझं मत विचाराल तर निम्मं काम त्या सबुरीचं असावं. तासभर कुणी शांतपणे धरून बसलं, वास एकमेकांत मिसळला की आईचं मन वळतं.

जून उजाडला की दूध. हे दृश्य बघण्यासारखं असतं. मेंढ्या समोरासमोर दोन ओळींत आणतात. एका लांब दोराने एक मान इकडची, एक मान तिकडची अशी वीण घालत जातात, की डोकी सगळी मधोमध एकमेकींत गुंतलेली आणि पाठी बाहेर. लांबून बघितलं तर लोकरीची जाडजूड वेणी घातल्यासारखी. बायका मागून उकिडव्या बसतात, मागच्या दोन पायांमधून हात घालून भराभर धारा काढतात आणि पुढच्या मेंढीकडे सरकतात. शेवटी दोराचं टोक धरून ओढलं की सगळी वीण एका झटक्यात सुटते, मेंढ्या अंग झाडतात आणि इतका वेळ अडवून ठेवलेली कोकरं त्यांच्यावर तुटून पडतात. त्या दोन-तीन मिनिटांचा गलबला ज्याने धनगराच्या वाड्यावर ऐकलाय त्याला वेगळा सांगायला नको.

मग कातरणी. लोकरीचा मुख्य उपयोग नमदा. काठ्यांनी झोडपून मोकळी केलेली लोकर थराथराने पसरायची, वर पाणी शिंपडायचं, दांडक्याभोवती गुंडाळी करून चामड्यात बांधायची आणि घोड्याच्या मागे लावून कुरणात ओढत फिरवायची. दाबून दाबून तंतू एकमेकांत अडकतात आणि न विणता जाड कापड तयार होतं. पसरताना खाली एक जुना नमदा ठेवतात, त्याला ‘आई’ म्हणतात. तयार होते ती तिची लेक. कोल्हापूर-सोलापूरकडे लोकर दाबून केलेली जेन ज्यांनी वापरली आहे त्यांना हे तत्त्व लगेच कळेल. फक्त तिकडे या नमद्याचं अख्खं घर उभं राहतं. ‘गेर’ नावाचा तो गोल तंबू म्हणजे लाकडी सांगाड्यावर मेंढ्यांनी घातलेलं पांघरूण.

लेंड्याही वाया जात नाहीत. हिवाळ्याच्या मुक्कामाच्या जागी पिढ्यानपिढ्या मेंढ्या बसून लेंड्यांचा थर दबून दबून कडक झालेला असतो. त्याचे चौकोन कापून जाळायला घेतात, वाऱ्याच्या बाजूला त्यांचीच भिंत रचतात आणि उरलेल्या थरावर मेंढ्या उबेला बसतात. गाईची अर्गाल लवकर पेटते, मेंढीच्या लेंडीचा विस्तव जास्त कडक. चुलीपुढे बसणाऱ्या बाईला हा फरक बरोबर ठाऊक असतो.

मंगोल लोक पाळीव जनावरांना ‘पाच तोंडांची दौलत’ म्हणतात: घोडा, उंट, गाय-याक, मेंढी, बकरी. त्यात पुन्हा दोन गट. घोडा आणि मेंढी ‘गरम तोंडाची’, बाकी तीन ‘थंड तोंडाची’. याला शास्त्राचा आधार शोधू नये. पण मान कुणाला, हे त्यावरून ठरतं. पाहुण्यापुढे, सणाला, लग्नाला मेंढीच हवी. बकरीचं मांस पुढे केलं तर पाहुणा काही बोलणार नाही, पण लक्षात ठेवील. ‘त्सागान सार’ या चांद्र नववर्षाला मेंढीच्या पाठीचा खालचा भाग शेपटीसकट एकसंध उकडून मधोमध मांडतात. सगळ्या थाटाचा तोच राजा.

मेंढी कापण्याची रीतही वेगळी. गळा चिरत नाहीत. जनावर उताणं धरून छातीच्या खाली लहानशी चीर द्यायची, आत हात घालून मुख्य रक्तवाहिनी तोडायची. रक्ताचा थेंब जमिनीवर पडू द्यायचा नाही. वाचायला अंगावर काटा येतो खरा, पण यामागे दोन कारणं आहेत. एक, जमिनीवर रक्त सांडणं अपवित्र. दुसरं रोकडं: रक्त आतच साठतं, मग ते आतड्यांत भरून खाता येतं.

खांद्याच्या फऱ्याला ‘दाल’ म्हणतात, आणि सत्तर या आकड्यालाही ‘दाल’च. त्यावरून म्हण पडली की फऱ्याचं मांस सत्तर जणांनी वाटून खावं. एकट्याने खाणं म्हणजे शुद्ध कद्रूपणा. या हाडाला जुना इतिहास आहे. १२५४ मध्ये रुब्रुकचा विल्यम नावाचा फ्रान्सिस्कन साधू मोंग्के खानाच्या दरबारी होता. खान कुठलंही काम हाती घेण्याआधी मेंढीचे फरे विस्तवात काळे होईपर्यंत भाजायला लावी आणि तडे तपासून बघे, असं त्याने लिहून ठेवलंय. तडा उभा सरळ गेला तर काम करायचं, आडवा गेला तर नाही.

मागच्या पायाच्या घोट्याचं हाड मात्र पोरांचं. त्याला ‘शागाई’ म्हणतात. ते टाकलं की चारांपैकी एका बाजूवर पडतं. रुंद बाजूंपैकी फुगीर ती मेंढी, खोलगट ती बकरी. अरुंद बाजू घोडा आणि उंट. घोडा-मेंढी पडली तर शुभ. गरम तोंडाचा मान इथेही आहेच. पिशवीभर शागाई घरोघरी असतात, आणि बोटाने टिचकी मारून शागाई नेमाने उडवण्याच्या सांघिक खेळाला २०१४ मध्ये युनेस्कोने वारसा म्हणून नोंदवलं.

वयाची नावंही आपल्याला ओळखीची वाटतील. आपले धनगर ‘दोन दाती, चार दाती’ म्हणतात, तसं मंगोल भाषेत कोकरू ‘खुर्गा’, दुसऱ्या वर्षी ‘तोलोग’, तिसऱ्या वर्षी ‘शुदलेन’. यातल्या ‘शुद’चा अर्थच दात.

आणि मेंढी हे तिथे मापसुद्धा आहे. कुरणावर किती भार पडतो हे मोजायचं तर सगळी जनावरं मेंढीत रूपांतरित करतात. एक घोडा बरोबर सात मेंढ्या, एक गाय सहा, एक उंट पाच. बकरी ०.९. कागदावर बकरी मेंढीपेक्षा हलकी पडते, पण खरी गोम तिथेच आहे.

१९९० पर्यंत कळप सामुदायिक संस्थांचे होते. तेव्हा देशात एकूण सुमारे २.६ कोटी जनावरं होती, त्यात मेंढ्या दीड कोटी आणि बकऱ्या जेमतेम ५० लाख. मग समाजवादी व्यवस्था कोसळली, कळप खासगी झाले आणि कॅश्मिअरला, म्हणजे बकरीच्या मऊ आतल्या केसांना, परदेशात भाव आला. मेंढीच्या जाड लोकरीला कुणी विचारीना. २०१९ मध्ये जनावरं सात कोटींवर गेली होती. मेंढ्या ३.२ कोटी, बकऱ्या २.९ कोटी. माणसं मात्र तेहतीस-चौतीस लाखच. मेंढी मानाची, बकरी पैशाची, अशी वाटणी झाली. बकऱ्या वाढवल्या म्हणून पशुपालकाला दोष देणं सोपं आहे, पण पोराच्या शिक्षणाची फी फऱ्याच्या मांसात भरता येत नाही.

या सगळ्या तोंडांना चारा लागतो, आणि तो त्याच डोंगरउतारावर, जिथे अर्गाली चरते. हिवाळ्यात तर भांडण थेट होतं. दक्षिणेकडे तोंड असलेला उतार, म्हणजे जिथे ऊन लागतं, वारा अडतो आणि बर्फ लवकर सरकतो, तीच जागा कुटुंबाला मुक्कामाला हवी आणि अर्गालीलाही. मेंढरं आली की अर्गाली वर, उघड्यावर, कमी गवताच्या बाजूला सरकते. तंबूवरची कुत्री पाठलाग करतात ते वेगळंच. मंगोल कुत्रा कळप हाकत नाही, राखण करतो, आणि अर्गालीचं पिल्लू आपलं नाही एवढं त्याला कळतं.

‘झुद’ आला की दोघींची सारखीच गत. झुद म्हणजे जनावरांचा काळ ठरणारा हिवाळा. पांढरा झुद म्हणजे खोल बर्फ. काळा म्हणजे बर्फच नाही, त्यामुळे पाणी नाही. लोखंडी झुद सर्वांत वाईट: बर्फ वितळून पुन्हा गोठतो आणि गवतावर काचेसारखा पापुद्रा चढतो. घोडा खुराने बर्फ खणतो, म्हणून जाणता पशुपालक आधी घोडे सोडतो आणि त्यांनी उकरलेल्या जागी मागून मेंढ्या. लोखंडी झुदात घोड्याचंही काही चालत नाही. २०२३-२४ च्या हिवाळ्यात देशात ७० लाखांहून जास्त जनावरं मेली.

रोगही शेजार पाळतात. २०१६ मध्ये पीपीआर हा शेळ्यामेंढ्यांचा बुळकांडीसारखा रोग मंगोलियात पहिल्यांदा शिरला. काही महिन्यांत तो पाळीव कळपांतून रानात गेला आणि पश्चिमेकडच्या सायगा हरणांपैकी निम्म्याहून जास्त हरणं मेली. आयबेक्स आणि अर्गालीही त्यातून सुटल्या नाहीत. तेव्हापासून कोकराला टोचलेली लस ही रानमेंढीचीही काळजी झाली आहे.

अर्गालीची संख्या किती? २००९ च्या देशव्यापी पाहणीत अंदाज निघाला सुमारे १८ हजारांचा. स्थानिकांना तिची शिकार १९५३ पासून बंद आहे. शिंगांच्या हौसेने येणाऱ्या परदेशी शिकाऱ्यांना मात्र सरकार मोजके परवाने देतं, आणि एकेका परवान्याची किंमत हजारो डॉलरांच्या घरात जाते. या पैशातून संरक्षण होतं असं एक बाजू म्हणते. तो पैसा डोंगराखालच्या तंबूपर्यंत पोचतो का, हा दुसऱ्या बाजूचा सवाल. मला दुसरा सवाल जास्त रास्त वाटतो. जो माणूस आपला उतार सोडायला तयार होईल, त्याच्या हातात काही पडायला हवं ना.

पशुपालकांची स्वतःची समजूत याहून जुनी आहे. खालचे कळप माणसांचे, वरचे कळप डोंगराच्या धन्याचे. प्रत्येक डोंगराला, झऱ्याला एक धनी असतो, आणि अर्गाली, आयबेक्स, हरणं ही त्याची जनावरं. दुसऱ्याच्या कळपातलं जनावर न विचारता मारलं तर शेजारी गप्प बसेल का? तसंच हे. म्हणूनच खिंडीतल्या ‘ओवो’वर, म्हणजे येणाऱ्याजाणाऱ्याने एकेक दगड टाकून रचलेल्या राशीवर, निळ्या कापडाशेजारी अर्गालीची जुनी कवटी ठेवलेली दिसते. उन्हाने पांढरी पडलेली, शिंगांचे पदर सुटत आलेले. जाणारा उतरतो, राशीला उजवी घालून तीन फेऱ्या मारतो, एक दगड टाकतो आणि खाली आपल्या मेंढ्यांकडे निघून जातो.